अगण्य असूनही नगण्य

अगण्य हा शब्द मी माझ्या भावाकडून शिकले आणि त्याच शब्दापायी त्याचं वाटोळं झालेलंही पाहिलं. असं म्हटलं की गणित शिकवणाऱ्या माझ्या मैत्रिणी मला वेड्यात काढतात. म्हणतात, शब्दाने कुणाची नोकरी जात नाही, माणसं घालवतात. खरं आहे. पण माणसांना काहीतरी निमित्त लागतं, आणि ते आमच्या दादाने स्वतःच्या हाताने फळ्यावर खडूने लिहून दिलं.

सत्तरचं दशक संपत आलं होतं. आम्ही नाशिकरोडला छापखान्याच्या क्वार्टरमध्ये राहायचो. आबा, म्हणजे वडील, तिथे मशीनवर होते. आमच्या रांगेतली बहुतेक घरं बौद्धांची. त्या सगळ्या घरांमधून एम.एस्सी. झालेला दादा पहिला, तोही गणितात, त्यामुळे आबा त्याची ओळख करून देताना आधी डिग्री सांगत आणि मग नाव. शहरातल्या एका कॉलेजात तो शिकवायचा, पण तात्पुरता. दर एप्रिलला त्याची नोकरी संपायची आणि जूनमध्ये संस्थेच्या मर्जीने पुन्हा सुरू व्हायची. आबा पुढच्या वर्षी निवृत्त होणार होते. ते निवृत्त झाले की क्वार्टर सोडावं लागणार. इंदिरानगरला तेव्हा शेतं मोडून प्लॉट पडत होते, पण घरासाठी कर्ज द्यायचं तर पगार कायम नोकरीचा हवा, असं प्रत्येक जण सांगे. म्हणजे दादा कायम झाला तर घर, नाहीतर ट्रंका घेऊन कुणाच्या तरी पडवीत. आमच्या घरातलं सगळं बोलणं त्या एका शब्दावर येऊन थांबायचं: कायम.

मी त्याच कॉलेजात, त्याच्याच वर्गात होते. वर्गात त्याला सर म्हणावं लागे, आणि पहिले काही महिने मला त्याचं हसू यायचं. घरी ज्याच्या ताटातली भाकरी पळवायची त्याला वर्गात उभं राहून 'येस सर' म्हणायचं म्हणजे नाटकच की. पण तो शिकवायला लागला की हसू विरून जायचं.

आमची पुस्तकं इंग्रजी, परीक्षा इंग्रजी, आणि पोरं दिंडोरीची, वणीची, निफाडची. बाकीचे प्राध्यापक इंग्रजी पुस्तक फळ्यावर उतरवत आणि आम्ही ते वहीत उतरवून घेत असू. समजण्याशी दोघांचाही संबंध नव्हता. दादा मात्र आधी मराठीत समजावून द्यायचा आणि शेवटच्या दहा मिनिटांत इंग्रजी लिहून द्यायचा. शब्द नसेल तर तो करायचा. अनंत संचांचा धडा आला तेव्हा म्हणाला, "परिभाषेच्या कोशात गणनीय आणि अगणनीय दिलंय. अगणनीय म्हणेपर्यंत तास संपेल. आपण गण्य आणि अगण्य म्हणू."

आता, मराठीत अगणित काय, असंख्य काय नि अनंत काय, आपण सगळं एकाच मापाने वापरतो. आकाशात तारे असंख्य, देवाचे उपकार अगणित, सासूच्या तक्रारी अनंत. गणित तसं ढिसाळ बोलू देत नाही. दादाच्या वर्गात मागच्या बाकावर लासलगावचा एक मुलगा बसायचा, त्याच्या वडिलांची मार्केट यार्डात अडत होती. तो म्हणाला, "सर, आमच्याकडं हंगामात कांदा येतो तो तरी अगण्य म्हनायचा का नाय?"

"तुझा कांदा अनंतसुद्धा नाही," दादा म्हणाला. "आणि अनंत असता तरी गण्यच. एकेक कांदा उचलून रांगेत ठेवता येतो की नाही? रांग कधी संपली नाही तरी चालेल. प्रत्येक कांद्याला त्याचा नंबर मिळाला, म्हणजे गण्य."

"मंग रांगेत न बसनारं काय आसतं?"

दादाने फळ्यावर वीतभर रेघ ओढली. म्हणाला, "या रेघेवरचे बिंदू. एवढ्याशा रेघेवरचे. कुणी मला म्हणालं की मी सगळे बिंदू रांगेत उभे केले, तर मी त्या रांगेत नसलेला एक बिंदू लगेच काढून दाखवतो. पहिल्यापेक्षा पहिल्या आकड्यात वेगळा, दुसऱ्यापेक्षा दुसऱ्या आकड्यात वेगळा, असा सगळ्यांपेक्षा कुठे ना कुठे वेगळा. रांग कितीही लांब करा, कुणीतरी बाहेर राहणारच. याला म्हणायचं अगण्य."

मी वहीत लगेच आकड्यांची रांग मांडली आणि तिच्याबाहेरचा बिंदू काढून पाहिला.

पुढच्या आठवड्यात त्याने तिसरा शब्द आणला. ज्या संचाची लांबी मोजायला गेलं तर शून्य भरते, तो नगण्य. हा शब्द कोशात त्या अर्थाने नव्हता, त्याने स्वतः लावला होता. आणि मग त्याने सांगितलं की गण्य असेल ते सगळं नगण्य असतं. अनंत बिंदू असले तरी ते रांगेत उभे राहू शकत असतील तर त्यांची मिळून लांबी शून्य. पोरांना हे इतकं आवडलं की कॅंटीनमध्ये त्याची भाषाच झाली. चहात दूध नगण्य आहे. तुझी अक्कल गण्य, म्हणजे नगण्य. गणितावर हसणारी पोरं मी त्याआधी पाहिली नव्हती. गणिताला रडणारी पुष्कळ पाहिली होती.

घरी त्याने मला त्यापुढची गोष्ट दाखवली. आईच्या शिवणाच्या डब्यातून दोरा काढला, जमिनीवर ताणून ठेवला आणि कात्रीने मधला तिसरा भाग कापून टाकला. उरलेल्या दोन तुकड्यांचे मधले भाग कापले. मग चार तुकड्यांचे. "असं कापतच राहायचं," तो म्हणाला. "शेवटी लांबी काहीच उरणार नाही. पण जे बिंदू उरतील ते अगण्य असतील. आख्ख्या दोऱ्यावर होते तितकेच."

आई तांदूळ निवडत होती. तिने मान वर केली. "मंग उरलं काय?"

"अगण्य बिंदू."

"दिसत तर काय नाय."

"दिसत नाही. पण आहेत."

"दोरा गेला तो तर दिसतोय ना. रीळ काय झाडाला लागतंय का?" आईने कात्री काढून घेतली. मी हसले, दादाही हसला. आमच्या घरात त्यानंतर तो तसा हसल्याचं मला आठवत नाही.

जागा कायम करायची ठरली तेव्हा कॉलेजने एक पद्धत ठेवली. उमेदवाराने वर्गात प्रत्यक्ष धडा घ्यायचा आणि निवड समितीने मागे बसून पाहायचा. वर्ग आमचाच होता. समितीत प्राचार्य होते, पुण्याहून आलेले गणिताचे एक तज्ज्ञ होते आणि संस्थेच्या मंडळावरचे एक वृद्ध सदस्य होते. ते आयुष्यभर मराठी आणि संस्कृत शिकवून निवृत्त झालेले, आवाज अगदी मऊ. आम्ही मुली त्यांना आपसात व्याकरणाचे आजोबा म्हणायचो. त्या दिवशी आईने दादाचा शर्ट दोनदा इस्त्री केला आणि आबा रजा टाकून घरी बसले होते.

दादाने सुरुवात चांगली केली. गण्य, अगण्य, नगण्य, तिन्ही शब्द पुन्हा सांगितले. गण्य ते नगण्य, हे लिहिलं. मग म्हणाला, "याच्या उलट खरं आहे का? जे नगण्य असेल ते गण्यच असतं का? नाही." आणि फळ्यावर मोठ्या अक्षरांत लिहिलं: अगण्य असूनही नगण्य असता येतं.

मागून टाळी वाजली. आमच्याच कॉलनीतला एक मुलगा होता. त्याच्या मागोमाग आणखी दोघातिघांनी वाजवली. ते दिवस असे होते की मराठवाड्यातून विद्यापीठाच्या नामांतराच्या, दंगलींच्या बातम्या यायच्या, रोज कुठे ना कुठे मोर्चा निघायचा, आणि कॉलनीतली पोरं वाक्याची वाटच पाहत बसलेली असायची. त्यांना दोऱ्याचे तुकडे कुठे ठाऊक होते. त्यांनी आपलं वाक्य ऐकलं. मी मागे वळून पाहिलं, तर आजोबांनीही तेच वाक्य ऐकलेलं होतं.

"हे कुठल्या पुस्तकातलं?" त्यांनी विचारलं.

"पुस्तकात इंग्रजीत आहे सर. मराठी माझं आहे."

"अगण्य म्हणजे मोजता न येणारे. आणि अगण्य म्हणजे मोजण्याच्या लायकीचे नसलेले, असाही अर्थ जुन्या भाषेत आहे. ठाऊक आहे ना? मग कोण अगण्य आणि कोण नगण्य?"

"संच, सर."

"संच." ते जरा हसले. "अहो, मी जन्मभर मराठी शिकवलं. संच काय म्हणतोय ते मला कळतं."

तज्ज्ञ घड्याळाकडे बघत होते. मला आतून ओरडावंसं वाटत होतं की दादा, म्हण ना. 'मेझर झीरो', नगण्यचं इंग्रजी, एवढे दोन शब्द म्हण. त्या पुण्याच्या माणसाला हे मराठी शब्द लागत नाहीत म्हणून तो गप्प आहे. दोन इंग्रजी शब्द कानावर पडले की तो मान हलवेल आणि सगळं सुरळीत होईल. दादालाही ते कळत होतं. त्याने एकदा तज्ज्ञांकडे पाहिलं, मग आमच्याकडे पाहिलं. "सिद्धता देतो," तो म्हणाला. "पाच मिनिटं लागतील." त्याने फळ्यावर रेघ ओढली आणि डस्टरने मधला तिसरा भाग पुसला.

"राहू द्या," प्राचार्य म्हणाले. "वेळ झाली."

जाताना आजोबा दाराशी थांबले आणि अगदी मायेने म्हणाले, "तुम्ही हुशार आहात. पण वर्ग म्हणजे व्यासपीठ नव्हे. एवढं लक्षात ठेवा."

महिन्याभराने दुसऱ्याची नेमणूक झाली. दादाला जूनमध्ये तात्पुरतं बोलावणंही आलं नाही.

मी घरी सगळं सांगून टाकलं होतं. आबांनी ते महिनाभर मनात ठेवलं आणि नेमणुकीची बातमी आली त्या दिवशी जेवताना विचारलं.

"त्या पुण्याच्या पाव्हन्याला विंग्रजी येत व्हतं ना?"

"हो."

"तुला येतं?"

"येतं."

"मंग?"

"वर्गात बसलेल्यांना येत नव्हतं," दादा म्हणाला.

"त्यांनी द्यायची व्हती का तुला नोकरी?"

मला त्या वेळी कुणाचा जास्त राग आला हे मी ठरवू शकत नव्हते. आजोबांचा आलाच. एक माणूस प्रमेय सांगतोय आणि तुम्ही त्याची वस्ती ऐकता. पण दादाचाही आला. मराठीचा एवढा पुळका होता तर तो घर मिळाल्यावर दाखवायचा होता. घरावर तुळशीपत्र ठेवून शब्द वाचवायचे असतात का?

आणि शब्द तरी कुठे वाचला? आठ दिवसांत कॉलनीच्या पाण्याच्या टाकीवर निळ्या रंगात ते वाक्य उमटलं. अगण्य असूनही नगण्य. खाली उद्गारचिन्ह. पोरं घरी आली, म्हणाली, "दादा, तुम्ही त्यांच्या तोंडावर सुनावलं. जयंतीला भाषण करा." ती पोरं मनापासून आली होती. त्यांच्या आयुष्यात तेव्हा अभिमान वाटावा असं फार काही घडत नव्हतं.

दादा चटईवर बसला होता. तो म्हणाला, "मी कुणाला काही सुनावलं नाही. ते प्रमेय आहे. त्याला सिद्धता आहे. बसा, दाखवतो."

ती एकमेकांकडे बघायला लागली. त्यातल्या एकाने समजुतीच्या सुरात म्हटलं, "दादा, आता घाबरू नका. आम्ही हाय ना पाठीशी."

त्यावर दादा जो भडकला तसा मी त्याला कधी पाहिला नव्हता. तो उठून त्यांच्यावर धावून गेला. ब्रश आणला, टाकीवर चढायला निघाला, आबांनी दंडाला धरून आत आणला. त्यानंतर कॉलनीतली पोरं त्याच्याशी बोलेनाशी झाली. संस्थेच्या लेखी तो चळवळ्या होता, पोरांच्या लेखी भित्रा. आणि एकालाही ती रेघ कापून झाल्यावर काय उरतं हे बघायचं नव्हतं. मला आजही वाटतं की त्याला नोकरी गेल्याचं जितकं लागलं त्यापेक्षा हे जास्त लागलं. पाच मिनिटं मागितली होती त्याने, आणि दोन्हीकडून कुणी दिली नाहीत.

पुढचं सांगायला सोपं आहे, सोसायला नव्हतं. आबा निवृत्त झाले. आम्ही देवळाली गावात भाड्याच्या दोन खोल्यांत गेलो, जिथे पावसाळ्यात एकीत पाणी शिरलं की सगळे दुसरीत. आबा सकाळी डबा नसतानाही छापखान्याच्या फाटकापर्यंत चालत जात आणि भोंगा झाला की परत येत. एका थंडीत त्यांना न्यूमोनिया झाला आणि ते गेले, त्या ओलीच्या खोलीतच. शेवटपर्यंत ते दादाशी सरळ बोलले नाहीत. आईच्या तोंडून निरोप धाडत: "त्याला म्हनावं जेवून घे." दादाने पेठच्या तहसील कचेरीत कारकुनी धरली होती. तिथे सगळे त्याला मास्तर म्हणत, चेष्टेत. रविवारी घरी आला की तो भिंतीकडे तोंड करून झोपून राही. मी एम.एस्सी.ला पुण्याला गेले होते. सुट्टीत आले की त्याला मुद्दाम एखादी शंका विचारायची. तो म्हणायचा, "तुला येतंय ते. मला कशाला विचारतेस."

मी परतले त्या वर्षी त्याच कॉलेजात जागा निघाली. अर्ज करताना माझी बोटं जड झाली नव्हती. उगीच खोटं कशाला सांगू? आईला संधिवात होता आणि भिंतींना ओल होती.

पद्धत तीच होती. वर्गात धडा घ्यायचा. तज्ज्ञ वेगळे होते, प्राचार्य वेगळे होते. व्याकरणाचे आजोबा मात्र अजून होते, आता काठी घेऊन. विषय माझ्यावर सोपवला होता. मी तोच घेतला. काउंटेबल, अनकाउंटेबल, मेझर झीरो. फळ्यावर रेघ ओढली, मधला तिसरा भाग पुसला, मग दोन, मग चार. पहिल्यापासून शेवटपर्यंत सिद्धता इंग्रजीत मांडली, एकही पायरी न गाळता. मला कुणी थांबवलं नाही. तज्ज्ञ मान हलवत होते. बाकांवरची पोरं खाली माना घालून उतरवून घेत होती. त्यांत दिंडोरीची होती, वणीचीही असतील. सिद्धता संपली तेव्हा टाळी वगैरे वाजली नाही.

आजोबा बाहेर पडताना म्हणाले, "फार स्वच्छ शिकवलंत हो. शब्द न् शब्द आपल्या जागी." त्यांना इंग्रजी कितपत येत होतं कोण जाणे.

नेमणूक झाली, वर्ष-दोन वर्षांनी कायमही झाले. कायमचा कागद हातात पडला तो शनिवार होता. दुसऱ्या दिवशी दादा पेठहून आला. आई दारातच म्हणाली, "कायम झाली रे पोरगी. आता इंदिरानगरला बघू घर." दादा आत आला, पिशवी खुंटीला अडकवली आणि पाणी प्यायला. निवडीच्या वेळी मी कुठला धडा घेतला होता हे मी त्याला इतके दिवस सांगितलं नव्हतं. त्या दिवशी सांगितलं. इंग्रजीत घेतला, हेही सांगितलं.

"सिद्धता पूर्ण करू दिली?" त्याने विचारलं.

"हो. शेवटपर्यंत."

त्याने तांब्या खाली ठेवला.

"मुलांना कळली?"

"नाही," मी म्हणाले.

त्याने मान हलवली. मग आईकडे वळून, आबा ज्या आवाजात निरोप धाडत त्या आवाजात म्हणाला, "साखर काढ गं. तोंड गोड कर तिचं, कायम झाली ती."